अज्ञातवासातल्या दोघी

कोल्हापुरात खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचा स्मृतिस्तंभ आहे. दर १ डिसेंबरला, महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या स्थापनादिनी, तिथे हार वाहिला जातो, चार शब्द बोलले जातात आणि काही नावांचा आदराने उच्चार होतो: आनंदराव आणि बाबूराव पेंटर, विष्णुपंत दामले, साहेबमामा फत्तेलाल, व्ही. शांताराम, बाबूराव पेंढारकर. ही नावे घ्यायलाच हवीत. मी ती लहानपणापासून ऐकत आले आणि ती ऐकताना आपल्या गावाचा अभिमान आजही वाटतो. पण या नावांच्या शेजारी आणखी दोन नावे असायला हवीत. गुलाबबाई आणि अनुसयाबाई. हे पुस्तक कंपनीच्या नटनट्यांविषयी आहे. त्याची प्रस्तावना या दोघींपासून सुरू करायची, हे पहिले पान लिहिण्याआधीच मी ठरवले होते.

१९२० साली ‘सैरंध्री’ आला. महाराष्ट्र फिल्म कंपनीचा हा पहिला मूकपट. त्यात स्त्रियांच्या भूमिका स्त्रियांनीच केल्या. गुलाबबाई पडद्यावर ‘कमलादेवी’ झाल्या आणि अनुसयाबाई ‘सुशीलादेवी’. सिनेमात काम केले म्हणून दोघींना त्यांच्या समाजाने वाळीत टाकले. राहायला जागा उरली नाही, तेव्हा कंपनीच्या आवारातच त्यांच्या राहण्याची सोय करावी लागली. मराठी सिनेमाच्या इतिहासात ही हकिकत एक-दोन ओळींत उरकली जाते आणि लेखणी लगेच कॅमेऱ्याकडे वळते. मला मात्र त्या एक-दोन ओळींपाशीच थांबावेसे वाटते. ज्या आवारात सकाळी चित्रीकरण चालायचे, तिथेच संध्याकाळी यांची चूल पेटायची, आणि घर का सुटले, तर त्या आवारातल्या कामामुळेच.

या निर्णयाचे वजन कळायला त्या काळचा महाराष्ट्र डोळ्यांपुढे आणावा लागतो. संगीत रंगभूमी भरात होती आणि रंगभूमीवरची स्त्री हा पुरुष होता. बालगंधर्वांच्या शालूची घडी, त्यांचे दागिने, त्यांची पावले टाकण्याची लकब घरंदाज स्त्रिया न्याहाळत आणि तसे नेसायला-वागायला बघत. ‘सैरंध्री’ आला त्याच १९२० साली खाडिलकरांच्या ‘द्रौपदी’ नाटकात बालगंधर्व द्रौपदी झाले. एकाच वर्षी, एकाच महाभारतातली तीच द्रौपदी रंगमंचावर पुरुषाने उभी केली तेव्हा महाराष्ट्राने त्याला डोक्यावर घेतले. पडद्यावर तिच्याच कथेत दोन स्त्रिया उभ्या राहिल्या, तेव्हा त्यांना घर सोडावे लागले. यात बालगंधर्वांचे काही उणे होत नाही. त्यांची कला मोठीच होती. उणेपण पाहणाऱ्यांच्या नजरेत होते. पुरुषाने स्त्री होणे ही कला, आणि स्त्रीने स्त्री होणे ही बेअब्रू, असा तो न्याय होता.

त्याआधी दादासाहेब फाळक्यांनाही याच भिंतीने अडवले होते. ‘राजा हरिश्चंद्र’च्या वेळी तारामतीसाठी त्यांनी मुंबईत खूप शोध केला. ज्यांना समाज आधीच हलके समजत होता, त्या वस्त्यांतल्या बायकांनीही नकार दिला. शेवटी एका हॉटेलातल्या स्वयंपाक्याला, अण्णा साळुंके यांना, त्यांनी तारामती केले. पुढे ‘लंकादहन’मध्ये याच साळुंक्यांनी राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. १९१३ च्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई, पुढच्या कमलाबाई गोखले, कॅमेऱ्यासमोर आल्या आणि पहिले दार उघडले. पण एका घराने दार उघडले म्हणून गाव उघडत नाही. सात वर्षांनी कोल्हापुरात ते दार पुन्हा पहिल्यापासून ढकलावे लागले.

कोल्हापुरात सिनेमा आला तो पडदे रंगवणाऱ्यांच्या हातून. आनंदराव आणि बाबूराव हे मेस्त्री घराण्यातले चुलतभाऊ. नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवण्यात दोघांचा हात धरणारा कुणी नव्हता, म्हणूनच ‘पेंटर’ हे त्यांचे आडनाव होऊन बसले. सिनेमाचे वेड दोघांनाही लागले. १९१६ साली आनंदराव गेले. भावाचे स्वप्न उराशी धरून बाबूरावांनी दामल्यांसारख्या सोबत्यांसह कोल्हापुरातच खपून कॅमेरा घडवला. शाहू महाराजांचे हे गाव. तालमीत लाल माती, नाट्यगृहात केशवराव भोसल्यांचा आवाज, घराघरांत अल्लादिया खाँसाहेबांच्या गायकीची चर्चा. अशा गावात यंत्र घडवणारा कारागीरही कलावंतच मानला जायचा.

पण कॅमेरा तयार झाला म्हणून सिनेमा होत नाही. पैसा लागतो. त्या वेळी बाबूरावांच्या मदतीला आल्या तानीबाई कागलकर. त्या गायिका होत्या. सावकाराने ज्याला जुगार म्हटले असते, त्या धंद्यात एका गाणाऱ्या बाईने आपली पुंजी घातली. म्हणजे कोल्हापूरच्या सिनेमाला आधार देणाऱ्यांत एक गायिका होती आणि त्याच्या पहिल्या पडद्यावर दोन नट्या होत्या. तानीबाईंनी पैसा लावला. गुलाबबाई आणि अनुसयाबाईंनी नाव, घर आणि माणसे पणाला लावली. भांडवल म्हणताना आपण रुपयेच मोजतो. माझ्या मते या दोघींनी लावले तेही भांडवलच होते, आणि ते त्यांना कधी व्याजासकट परत मिळाले नाही. या पुस्तकात मला सांगायची आहे ती गोष्ट एवढीच. बाकी सारा तपशील तिच्या पुराव्यादाखल आहे.

‘सैरंध्री’ ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन थिएटरात झळकला. कथा विराटपर्वातली. याच कथेवर खाडिलकरांनी १९०७ मध्ये ‘कीचकवध’ लिहिले होते. प्रेक्षकांना त्यातल्या कीचकात लॉर्ड कर्झन दिसला आणि १९१० मध्ये सरकारने त्या नाटकावर बंदी घातली. त्यामुळे पडद्यावर कीचक मरताना पाहणे ही त्या काळी साधी गोष्ट नव्हती. बाळासाहेब यादवांचा भीम आणि झुंझारराव पवारांचा कीचक लोकांच्या मनात ठसले. वधाचा प्रसंग इतका खराखुरा उतरला की थिएटरात बायका बेशुद्ध पडल्याच्या आठवणी सांगितल्या जातात. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांचे कौतुक केले, त्यांना सुवर्णपदक दिले आणि ‘सिनेमा केसरी’ म्हणून गौरवले.

या यशाच्या मध्यभागी असलेली कथा मात्र एका स्त्रीची होती. सैरंध्री म्हणजे दुसऱ्याच्या घरी राहून वेणीफणी, शृंगाराची सेवा करणारी स्वतंत्र बाई. अज्ञातवासात द्रौपदी हे नाव घेते आणि राणी सुदेष्णेच्या महालात राहते. महाभारतातला पुढचा भाग फारसा कुणी सांगत नाही. कीचक मारला जातो, त्याचे भाऊ तिला त्याच्या चितेवर जाळायला निघतात, त्यांचाही निकाल लागतो. आणि मग विराटनगरीचे लोक तिलाच घाबरू लागतात. जिच्यावर अन्याय झाला तिलाच राणी सांगते, बाई, तू आता इथून जा. ती फक्त तेरा दिवसांची मुदत मागते. गुलाबबाई आणि अनुसयाबाईंची हकिकत वाचताना मला दर वेळी हा प्रसंग आठवतो. त्यांनीही दुसरे नाव घेतले, दुसऱ्याच्या आवारात राहिल्या, आणि ‘जा’ हा शब्द त्यांनीही आपल्याच माणसांकडून ऐकला.

त्या आवारात काम कसे चालायचे, ते वाचकाने क्षणभर डोळ्यांपुढे आणावे. चित्रीकरण सूर्याच्या भरवशावर. कृत्रिम प्रकाशाचा वापर कंपनीने पुढे १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये केला, तोवर ऊन असेल तोवर काम. उन्हाचा कवडसा परावर्तकाने वळवून नटांच्या चेहऱ्यावर टाकायचा, आणि नटाने डोळे न मिचकावता त्याच्याकडे पाहायचे. कॅमेरा हाताने फिरवायचा. त्याची खरखर संथ आणि एकसारखी चालली पाहिजे. त्या काळच्या फिल्मला तांबडा रंग दिसत नसे. जे तांबडे ते पडद्यावर काळे उमटायचे. कपाळावरचे कुंकू काळे, विड्याने रंगलेले ओठ काळे, उन्हाने लाल झालेला गाल काळपट. म्हणून चेहऱ्यावर फिकट रंगाचा थर देत. रोजच्या आयुष्यात जो रंग शुभ मानला जातो, तोच कॅमेऱ्यापुढे डाग ठरायचा. आपला चेहरा नव्याने ओळखायला शिकणे हा या नट्यांच्या कामाचा पहिला धडा होता.

त्यात आवाज नाही. रंगभूमीवरच्या नटाकडे पद होते, भाषण होते, ‘वन्स मोअर’ होता. इथे ओठ हलायचे आणि शब्द पाटीवर यायचे. जे सांगायचे ते डोळे, मान, बोटे आणि पदर यांनीच. बाबूराव मूळचे चित्रकार असल्याने त्यांनी रंगवलेल्या पडद्यांऐवजी खऱ्याखुऱ्या खोलीचे, राहत्या घरासारखे देखावे उभे केले. वेशभूषेची रेखाटने ते स्वतः काढत. सपाट पडद्यापुढे नट उभा राहिला की त्याने हातवारे केले तरी चालते. पण खरी भिंत, खरा खांब, खरा उंबरा असला की अभिनयही तितकाच खरा लागतो. उंबऱ्यावर स्त्री कशी थांबते, हे स्त्रीने केले तरच खरे दिसते. त्या उंबऱ्यामुळे बाबूरावांना या दोघींची गरज होती, असे मला वाटते.

पुढच्या दहा वर्षांत कंपनीने पौराणिक, ऐतिहासिक आणि सामाजिक मूकपट काढले. हरि नारायण आपट्यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’वरचा ‘सिंहगड’ १९२३ चा. १९२४ मध्ये ‘कल्याण खजिना’ आला आणि लंडनजवळच्या वेम्बली प्रदर्शनात त्याला पदक मिळाले. १९२५ मध्ये नारायण हरि आपट्यांच्या कथेवरचा ‘सावकारी पाश’ आला. त्यात देवदेवता नव्हत्या, किल्ले नव्हते. जमीन गमावणारा शेतकरी होता, अंधारी झोपडी होती आणि बाहेर केकाटणारे कुत्रे. तरुण शांताराम त्यात शेतकरी झाले. ‘सिंहगड’ आणि ‘सावकारी पाश’ या दोन्ही चित्रपटांच्या नामावलीत कमलादेवी हे नाव आहे. १९२९ मध्ये दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम यांनी सीताराम कुलकर्णींना सोबत घेऊन कोल्हापुरातच ‘प्रभात’ काढली, आणि तिच्या सुरुवातीच्या मूकपटांच्या नामावलीतही हे नाव येते. पौराणिक राण्यांपासून कर्जात बुडालेल्या शेतकऱ्याच्या झोपडीपर्यंत हे एक नाव दशकभर टिकले. एखाद्या वर्षाच्या हौसेने ते टिकत नाही. ती कारकीर्दच म्हणावी लागते.

या नामावल्या समोर ठेवून वाचताना माझ्या लक्षात आलेली एक गोष्ट इथे सांगते. पुरुषांच्या नावापुढे आडनाव आहे: यादव, पवार, पेंढारकर, म्हसकर, बकरे. बाईच्या नावापुढे ‘देवी’ आहे: कमलादेवी, सुशीलादेवी. पडद्यावर देवी म्हणून नमस्कार करायचा आणि पडदा उतरला की आडनावासकट विसरायचे, अशी ही रीत. ‘देवी’ हा किताब त्या काळी मानाचा वाटला असेल, आडोसाही देत असेल. पण वंशावळ, गल्ली, नातेवाईक यांच्याशी जोडणारा धागा त्याने तुटला. आज कोल्हापुरात यादवांचे वारस कुणी शोधू म्हटले तर आडनाव हाती असते. कमलादेवींच्या वारसांकडे जायचे तर वाट कुठली धरायची?

बाबूरावांना प्रसिद्धीचे महत्त्व फार लवकर कळले होते. १९२१-२२ च्या सुमारास त्यांनी चित्रपटाची माहिती आणि छायाचित्रे असलेल्या पुस्तिका छापल्या, भिंतींवर आपल्या हाताने रंगवलेली पोस्टर लावली. ‘कल्याण खजिना’चे पोस्टर हे भारतीय सिनेमाच्या आज उपलब्ध असलेल्या सचित्र पोस्टरांपैकी सर्वांत जुने मानतात. त्याची कथा आपल्याला ठाऊकच आहे: खजिन्याबरोबर पकडून आणलेल्या सुभेदाराच्या सुनेला शिवाजी महाराजांनी मानाने परत पाठवले. थिएटरातल्या महाराष्ट्राने त्या प्रसंगाला टाळ्या दिल्या असतील, यात मला शंका नाही. त्याच महाराष्ट्रात पडद्यावरच्या बाईला घरी परतायची वाट मोकळी नव्हती. हा विरोध मी कुणाला दोष देण्यासाठी नोंदवत नाही. आदर्श पडद्यावर लवकर येतात आणि उंबऱ्याच्या आत यायला त्यांना वेळ लागतो, एवढेच मला यातून दिसते.

तो वेळ फार लागला नाही, हेही खरे. १९३२ मध्ये प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’त दुर्गा खोटे तारामती झाल्या. हा बोलपट कोल्हापुरातच घडला. मुंबईच्या प्रतिष्ठित, सुशिक्षित घरातली स्त्री पडद्यावर आली आणि सिनेमाला अब्रू मिळाली, असे आपण म्हणतो. दुर्गाबाईंचे धैर्य थोरच होते, त्यांनाही बोलणी खावी लागली. पण अब्रू मिळायच्या आधीची बारा वर्षे कुणीतरी बेअब्रू सोसली होती, तीही याच गावात. दुर्गाबाईंनी पुढे आत्मचरित्र लिहिले. शांतारामांनी ‘शांतारामा’ लिहिले, पेंढारकरांनी ‘चित्र आणि चरित्र’ लिहिले. या पुस्तकांनी आपल्याला तो काळ दिला. कंपनीच्या आवारात चूल मांडणाऱ्या बाईने मात्र स्वतःच्या शब्दांत काही लिहून ठेवलेले आपल्यापाशी नाही. मूकपटातल्या या स्त्रिया पडद्याबाहेरही मूकच राहिल्या.

आणि पडदाही उरला नाही. त्या काळची फिल्म नायट्रेटची. ती झटकन पेटायची, ठेवून ठेवून चिकट व्हायची आणि शेवटी तिची भुकटी व्हायची. तिच्यातल्या चांदीसाठी कित्येक जुन्या प्रती विकल्या आणि गाळल्या गेल्या. भारतात तेराशेच्या आसपास मूकपट निघाले. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ मध्ये सुरू झाले तोवर त्यांतले बहुतेक संपले होते. सांभाळले गेले ते मोजके, आणि त्यांतलेही पुष्कळ अपुरे.

हे दुःख एकट्या कोल्हापूरचे नाही. दूर ब्राझीलमध्ये, मिनास जेराइस प्रांतातल्या कातागुआझेस नावाच्या लहानशा गावातही १९२०च्या दशकात असेच झाले. पेद्रो कोमेलो हा छायाचित्रकार आणि उंबेर्तो माउरो हा तरुण यांनी राजधानीपासून दूर, आपल्याच गावातल्या माणसांना घेऊन सिनेमा काढला. कोमेलोची मुलगी एव्हा नील या नावाने पडद्यावर आली. ‘सिनेआर्ते’ या मासिकातल्या छायाचित्रांमुळे तिची कीर्ती देशभर झाली. आज तिचे नाव छायाचित्रांवर जगते. तिचे बहुतेक चित्रपट नष्ट झाले आहेत. छायाचित्रकाराच्या हाताने गावात आलेला सिनेमा, दुसरे नाव घेऊन उभी राहिलेली मुलगी, हरवलेली फिल्म. पण ब्राझीलने तिला विसरू दिले नाही. चित्रपट हरवला तरी तिथल्या अभ्यासकांनी नटीला हरवू दिले नाही. ते आपल्यालाही करता येईल.

त्यासाठी मोठ्या संस्थाच लागतात असे नाही. कोल्हापूरच्या जुन्या वाड्यांतून, शिवाजी पेठेतून, मंगळवार पेठेतून अजून ट्रंका निघतात. त्यांत एखादी पिवळी पडलेली पुस्तिका असते, मागे काही न लिहिलेला एखादा फोटो असतो. घर रिकामे करताना तो रद्दीत जातो. माझी विनंती एवढीच, की तो रद्दीत टाकण्याआधी उलटून पाहावा, आणि घरातल्या सर्वांत वयस्कर माणसाला विचारावे, ही बाई कोण? उत्तर मिळाले तर ते पेन्सिलीने मागे लिहून ठेवावे. इतिहास पुष्कळदा फोटोच्या मागच्या बाजूला असतो.

पुढच्या प्रकरणांत यादवांचा भीम येईल, झुंझाररावांचा कीचक आणि सावकारीचे चित्र येईल, शांतारामांचे पहिले दिवस येतील. ती सगळी माणसे मला प्रिय आहेत आणि त्यांच्याविषयी मी मन लावून लिहिले आहे. वाचकाने मात्र प्रत्येक प्रकरणात त्या आवाराकडे एकदा नजर टाकावी. एका बाजूला देखावा उभा राहतो आहे, कॅमेरा फिरतो आहे. दुसऱ्या बाजूला एका खोलीपुढे चुलीचा धूर आहे. ती खोली त्या गोष्टीच्या बाहेर नाही.

पांडवांचा अज्ञातवास एका वर्षाचा होता. वर्ष सरले आणि सैरंध्री पुन्हा द्रौपदी झाली. तिची ओळख तिला परत मिळाली. गुलाबबाई आणि अनुसयाबाईंचा अज्ञातवास शंभर वर्षे उलटली तरी सुरूच आहे. तो संपवणे आपल्या हातात आहे, आणि त्याची सुरुवात फार साधी आहे. येत्या १ डिसेंबरला खरी कॉर्नरच्या स्तंभापाशी उभे राहाल तेव्हा बाकीच्या नावांबरोबर ही दोन नावेही मोठ्याने घ्या. कमलादेवी, सुशीलादेवी म्हणून नको. गुलाबबाई म्हणा. अनुसयाबाई म्हणा.

कोल्हापूर